अपूर्णांकाची रेघ म्हणजे न दिसणारा कंस

वर ८ + ४, मध्ये आडवी रेघ, खाली २ + ४. उत्तर २. आता हेच ८ + ४ ÷ २ + ४ असं एका ओळीत टाका. क्रियांचा क्रम पाळणारा कॅल्क्युलेटर १४ दाखवेल. प्रत्येक बटणासरशी हिशेब उरकणारा साधा कॅल्क्युलेटर १० दाखवेल. दोन्ही यंत्रांनी आपापलं काम चोख केलं. मधल्या मध्ये हरवली ती रेघ.

ही रेघ भागाकार सांगते, शिवाय वरच्या आणि खालच्या पदांना वेगवेगळ्या कंसांत बांधते. हे दुसरं काम डोळ्यांना दिसत नाही, म्हणून विसरलं जातं. भास्कराचार्यांच्या काळात, १२व्या शतकात, आपल्याकडे अंश छेदावर मांडत, पण मध्ये रेघ नसे. त्याच शतकात उत्तर आफ्रिकेतल्या अल-हस्सार यांच्या लेखनात ती दिसते; १२०२ मध्ये इटलीच्या फिबोनाचीनेही ती वापरली.

सर्वाधिक घात होतो काटाकाटीत. वर ६ + ५ आणि खाली ६ दिसले की हात आपसूक दोन्ही ६ काटतो आणि ५ लिहून मोकळा होतो. खरं उत्तर ११/६, म्हणजे २ पेक्षाही कमी! वर ६ × ५ असते तर ५ बरोबर ठरलं असतं. काटणं म्हणजे अख्ख्या अंशाला आणि अख्ख्या छेदाला एकाच संख्येने भागणं. बेरजेला ६ ने भागायचं तर ५ लाही भागावंच लागतं: १ + ५/६.

रेघेखाली रेघ आली तर लांब रेघ शेवटी सोडवायची. १, २, ३ एकाखाली एक आहेत. लांब रेघ ३ च्या डोक्यावर असेल तर (१/२) ÷ ३ = १/६; १ च्या पायाशी असेल तर १ ÷ (२/३) = ३/२. उत्तरांत नऊपट फरक.

हे कंस ओळखले की मग शाळेतलं कंचेभागुबेव: कंस, चे, भागाकार, गुणाकार, बेरीज, वजाबाकी. १/२ + १/३ × ३/४ मध्ये आधी गुणाकार, म्हणून १/२ + १/४ = ३/४. ‘चे’ हा गुणाकारच, पण भागाकाराच्याही आधी करायचा: १२ ÷ ८ चे ३/४ म्हणजे १२ ÷ ६ = २.

या सूत्राची शेवटची दोन अक्षरं मात्र जपून वाचावीत. भागाकार आणि गुणाकार एकाच पायरीवरचे, डावीकडून उजवीकडे करायचे. त्यांत भागाकार आधी उरकला तरी उत्तर बिघडत नाही. बेरीज-वजाबाकीचं तसं नाही. ७/८ − १/८ + ३/८ मध्ये ‘बेरीज आधी’ म्हणून १/८ + ३/८ केलं तर उत्तर ३/८ येतं, आणि ते चूक आहे. वजाबाकीचं चिन्ह एकट्या १/८ चं आहे. ३/८ ला ते लागू व्हायला कंस हवा होता. डावीकडून चाला: ६/८ + ३/८ = ९/८. बेरीज आधी करायचीच असेल तर ७/८ मध्ये ३/८ मिळवा, मग १/८ वजा करा. तेव्हाही ९/८ च येतात.