दूध-पोळीवर कुत्र्याचं भागतं, मांजराचं नाही

घरात कुत्रा असो की मांजर, ताटलीत बहुधा कुस्करलेली दूध-पोळीच पडते. दोघंही मांसभक्षक गणातलेच, पण पोळीच्या बाबतीत दोघांचं शरीर अगदी वेगळं वागतं.

फरक तोंडातच दिसतो. मोठ्या कुत्र्याला 42 दात, मांजराला 30. मांस कापणाऱ्या दाढा दोघांनाही असतात. वरची-खालची दाढ अडकित्त्याच्या पात्यांसारखी एकमेकींना घासून जाते. कुत्र्याला मात्र त्यांच्या मागे चावून बारीक करायला थोड्या सपाट दाढाही असतात. मांजराला त्या नसल्यातच जमा, म्हणून ते लचका तोडतं आणि गिळतं. पुढे आतडंही आखूड: मांजराचं अंगाच्या साधारण चौपट लांब, कुत्र्याचं सहापट.

पिष्ट पचवणारं अमायलेज आपल्या लाळेत असतं, या दोघांच्या लाळेत जवळजवळ नसतं. ते काम स्वादुपिंडावर पडतं. स्वीडनच्या उपसाला विद्यापीठातल्या एरिक अ‍ॅक्सेलसन आणि सहकाऱ्यांनी 2013 मध्ये दाखवलं, की या अमायलेजच्या जनुकाच्या लांडग्यात 2 प्रती असतात, तर कुत्र्यांत 4 ते 30. प्रती जास्त, तर अमायलेजही जास्त. शेती करणाऱ्या माणसाचं उष्टं खाता खाता कुत्रा बदलला, असा त्याचा अर्थ लावला जातो. आणि तो पटतो, कारण शेतीपासून दूर राहिलेल्या ऑस्ट्रेलियातल्या डिंगोत आजही 2 प्रतीच सापडतात.

मांजरही धान्याच्या कोठारांपाशीच माणसाला भेटलं, पण धान्यासाठी नव्हे, उंदरांसाठी! त्यामुळे त्याच्या पोटाला बदलायचं कारणच पडलं नाही. त्याला गोडाची चव कळत नाही, कारण ती ओळखणारं एक जनुक निकामी आहे. डोळे आणि हृदय यांना लागणारं टॉरिन त्याला पुरेसं बनवता येत नाही आणि वनस्पतींत ते जवळपास नसतं. टॉरिन कमी पडलं की मांजर आंधळं होऊ शकतं, हे 1975 मध्ये कळलं. हृदयाचे स्नायूही कमकुवत होतात, हे 1987 मध्ये. गाजरातल्या कॅरोटिनपासून आपण अ जीवनसत्त्व करतो, कुत्राही करतो. मांजराला ते मांसातूनच तयार मिळावं लागतं. दुधाचंही कौतुक नको. पिल्लूपण सरलं की दुधातली साखर पचवण्याची ताकद घटते आणि अनेक मांजरांना जुलाब होतात.

सगळ्यात हट्टी त्याचं यकृत. प्रथिनं कमी मिळाली तर आपलं किंवा कुत्र्याचं शरीर ती जपून वापरतं. मांजराच्या यकृताला हे फारसं जमत नाही. ते प्रथिनं जाळतच राहतं आणि बाहेरून आली नाहीत तर स्वतःचे स्नायू झिजवतं. त्यातून मांजर लठ्ठ असेल आणि उपाशी राहिलं, तर अंगावरची चरबी यकृतात साचून काही दिवसांत जीवावर बेतू शकतं. कुत्र्याने एखाद्या दिवशी तोंड फिरवलं तर एरवी थोडं थांबून पाहता येतं. मांजराने दिवसभर काहीच खाल्लं नाही, तर ते रुसलंय असं समजू नका. पशुवैद्याला फोन करा.