स्वप्नलोकाची दिनदर्शिका कशी वाचावी

कथा लिहिणाऱ्यांसाठी आणि खेळ रचणाऱ्यांसाठी आम्ही काल्पनिक जगांच्या दिनदर्शिका तयार करतो. तुमच्या हातातली ही स्वप्नलोकाची. तिथे सूर्य उगवत नाही, मग दिवस मोजायचा कशावर? उत्तर झोपेतच सापडले.

झोप रात्रभर एकसारखी नसते. साधारण ९० मिनिटांचे एक आवर्तन, अशी रात्रीत चार ते सहा आवर्तने होतात. प्रत्येकाच्या शेवटी पापण्यांखाली डोळे भराभर हलू लागतात आणि ठसठशीत स्वप्ने बहुधा तेव्हाच पडतात. असेरिन्स्की आणि क्लाइटमन या झोपेच्या संशोधकांनी १९५३ साली ही अवस्था जगासमोर मांडली. सुरुवातीला हा टप्पा जेमतेम दहा मिनिटांचा असतो; पहाटेकडे वाढत वाढत कधी तासाभराचाही होतो. आम्ही पाच आवर्तने धरली आणि अशा प्रत्येक टप्प्याला एक दिवस मानले. तुमची एक रात्र म्हणजे तिथला एक आठवडा : पेंग, डुलकी, गाढ, चाळवण आणि साखरझोप.

दिवस लहानमोठे आहेत, आणि कथेला त्याचाच सर्वांत जास्त उपयोग होतो. पेंगेच्या दिवशी कोणी नदी ओलांडायला निघत नाही. नाव अर्ध्या पात्रात असतानाच दिवस मावळायचा. लांबचे प्रवास, लढाया, मोठी भांडणे साखरझोपेला. शिवाय जाग बहुतेक वेळा याच दिवसातून येते, म्हणून पहाटेचे स्वप्न आठवते आणि पेंगेतले विरून जाते. तुमच्या पात्राला जागेपणी एखादा निरोप आठवायला हवा असेल, तर तो साखरझोपेलाच मिळू द्या.

पहिल्या आराखड्यात आम्ही दहा समान दिवसांचा आठवडा घेतला होता. हिशेबाला सोपा, पण नमुना वाचणाऱ्यांना आज कोणता वार हेच आठवेना. क्रांतीनंतर फ्रान्सनेही १७९३ साली दहा दिवसांचा आठवडा आणला होता. ती दिनदर्शिका १८०६ च्या सुरुवातीला मोडीत निघाली.

महिना मात्र चंद्राचा. एका अमावास्येपासून दुसरीपर्यंत सरासरी २९.५३ दिवस जातात, म्हणून महिने आलटून पालटून ३० आणि २९ रात्रींचे आहेत. पहिला पापणी, बारावा विसर. वर्ष ३५४ रात्रींचे होते आणि दर वर्षी थोडा वेळ उरतो; ३० वर्षांत तो ११ रात्रींएवढा साचतो. या रात्री त्या त्या वर्षी विसरच्या अखेरीस जोडल्या आहेत, तक्त्यात काळ्या चौकटीत. नाव जागरण. त्या रात्री कोणाचाच डोळा लागत नाही, त्यामुळे स्वप्नलोकात एकही दिवस उजाडत नाही. तिथल्या रहिवाशांना ती रात्र कळतही नाही. चंद्र तेवढा एका रात्रीने पुढे सरकलेला दिसतो. आम्हाला स्वतःला ही चौकट फार आवडते.

हे वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे ११ दिवसांनी लहान आहे. स्वप्नलोकात ऋतू नाहीत, तेव्हा अडत नाही. पण तुमची कथा जागेपणीच्या जगातही वावरत असेल आणि तिथला पावसाळा दर वर्षी या दिनदर्शिकेच्या त्याच महिन्यांत यायला हवा असेल, तर छपाईआधी कळवा. १९ वर्षांत सात अधिक महिने घालून आम्ही तशी आवृत्ती करून देतो.

तारीख ‘साखरझोप, १४ पापणी’ अशी लिहावी : आधी दिवस, मग रात्र आणि महिना. या तारखेला चंद्र जवळजवळ पूर्ण असतो. अंधारातली चोरी हवी असेल तर अठ्ठाविसावी रात्र घ्या.