विझलेली मशाल चालत राहते तेव्हा

एक कल्पित जग घेऊ. तिथल्या एका खोल दरीत ठरावीक रात्रीच धुकं भरतं आणि तेवढ्या वेळापुरतं दरीपलीकडचं सगळं बिनसतं. पलीकडच्या काठावरचा माणूस मशाल विझवून मोकळा झालेला असतो, पण अलीकडून बघणाऱ्यांना ती मशाल अजून पेटलेली आणि चालताना दिसते. अशा जगात मंत्र म्हटला की सगळं भागतं. मंत्राला सुट्टी देऊन हे भौतिकशास्त्राने घडवायचं म्हटलं तर?

पहिल्यांदा सुचतं ते असं की त्या रात्री प्रकाशाचा वेगच घटवून टाकायचा. निर्वातात तो सेकंदाला २९,९७,९२,४५८ मीटर असतो. समजा तो १० मीटरवर आणला. मग सापेक्षतेच्या नियमानुसार (प्रकाशाच्या वेगाजवळ धावणाऱ्याला अंतरं आखूड भरतात) सेकंदाला ८ मीटर धावणाऱ्याला १०० मीटरचा रस्ता आक्रसून ६० मीटरच भरेल. ऐकायला झकास! पण या वेगावर फक्त उजेडाचा हक्क नाही. विश्वातल्या प्रत्येक गोष्टीची ती कमाल मर्यादा आहे. नेहमीच्या तापमानाला हवेचे रेणू सेकंदाला सुमारे ५०० मीटरने धावत असतात, त्यांनी काय करायचं? त्याहून वाईट म्हणजे पृथ्वीच्या तावडीतून सुटायला सेकंदाला ११.२ किलोमीटरचा वेग लागतो. प्रकाशाची मर्यादा त्याखाली नेली की पृथ्वीएवढा ग्रह स्वतःच कृष्णविवर होऊन बसतो. एका मशालीसाठी एवढा खर्च परवडणारा नाही.

तेव्हा मर्यादेला हात न लावता फक्त धुक्यातला उजेड रेंगाळवायचा. हे मात्र प्रयोगशाळेत घडलेलं आहे. १९९९ साली अमेरिकेत लेने हाउ या डॅनिश भौतिकशास्त्रज्ञ बाईंच्या गटाने सोडियमच्या अतिथंड अणूंच्या ढगात प्रकाशाचा स्पंद, म्हणजे क्षणभराचा झोत, सेकंदाला १७ मीटरपर्यंत मंदावला. म्हणजे ताशी साधारण ६१ किलोमीटर. एखादी मोटार त्याला सहज मागे टाकेल.

युक्ती अशी. सोडियमचे अणू एका विशिष्ट पिवळ्या रंगाचा प्रकाश गिळतात, त्यामुळे त्या रंगाला हा ढग म्हणजे भिंतच. त्यावर दुसरा, नेमक्या रंगाचा लेसर सोडला की अणूंचे प्रकाश गिळण्याचे दोन मार्ग एकमेकांना खोडून काढतात आणि भिंतीत एक अगदी अरुंद खिडकी उघडते. स्पंद म्हणजे जवळजवळच्या रंगांच्या अनेक लाटांची बेरीज. या खिडकीत प्रत्येक लाटेची चाल किंचित वेगळी होते, आणि सगळ्या लाटा जिथे एकमेकींना साथ देतात तो फुगवटा मागे मागे रेंगाळतो. आपल्याला दिसतो तो हा फुगवटा.

आता दरीकडे वळू. तिची रुंदी ३४० मीटर धरली, तर पलीकडून मारलेली हाक वरच्या साध्या हवेतून एका सेकंदात येईल आणि हाक मारणारा दिसायला वीस सेकंद लागतील. धुकं अर्थात पाण्याचं नको, सोडियमच्या अणूंचं हवं. (ते हुंगणाऱ्याचं काय होईल ते विचारू नका, माणसं काठावरच राहतात.) आणि मंदावणार फक्त तो एक पिवळा रंग. म्हणून मशालीवर मूठभर मीठ टाकायचं. मिठातल्या सोडियममुळे ज्वाळा भगभगीत पिवळी होते, ५८९ नॅनोमीटरच्या आसपासची, नेमकी हवी तीच. त्या उजेडात माणसाचा चेहरा, हात, अंगरखा सगळं एकाच पिवळ्यात रंगतं, म्हणून सगळा माणूसच वीस सेकंद उशिरा पोचतो. शेजारी चांदण्यात उभा असलेला मात्र वेळेवर दिसतो. खरं तर ज्वाळेतली पिवळी रेघ, म्हणजे तिच्या रंगाचा पट्टा, त्या अरुंद खिडकीत मावण्याइतकी बारीक नसते. इथे कल्पित जगाला थोडी सूट द्यावी लागेल.

आणि हे ठरावीक रात्रीच का घडावं? तर दुसऱ्या लेसरचं काम करणारा एक तारा त्या आकाशात ठेवायचा. तो वर नसेल तेव्हा मिठाची मशाल पलीकडे दिसतच नाही, कारण धुकं तिचा उजेड गिळून टाकतं. तारा उगवला की खिडकी उघडते.

मला खरी गंमत वाटते ती तारा मावळतानाच्या क्षणाची. प्रयोगात स्पंद ढगाच्या आत असताना दुसरा लेसर बंद केला, की प्रकाश नाहीसा होतो पण त्याचा ठसा अणूंच्या अवस्थेत उरतो. लेसर पुन्हा सुरू केला की तोच स्पंद पुढे निघतो. २००१ साली हा ठसा सुमारे मिलिसेकंदभर टिकला होता. २०१३ साली जर्मनीत एका स्फटिकात तो मिनिटभर टिकवला गेला. आपल्या दरीत तो कितीही टिकू द्या. तारा बुडाला त्या क्षणी धुक्यात वीस सेकंदांचा उजेड वाटेत असतो, तो तिथेच अडकतो. पुढच्या खेपेला, अनेक वर्षांनी तारा उगवला, की सगळ्यात आधी तेच वीस सेकंद बाहेर पडतात: मशाल, तिच्यामागचा तरुण चेहरा, विझवण्यासाठी उचललेला हात. तोवर म्हातारा झालेला तो माणूस अलीकडच्या काठावर बसून ते पाहत असू शकतो.