सापळा कोणाच्या जमिनीवर?

ओढ्या-तळ्यांत काटक्यांचे घर बांधून राहणाऱ्या बीव्हर या प्राण्याच्या अंगावर केसांचे दोन थर असतात. वरचे केस लांब, राठ आणि चकचकीत. त्यांच्याखाली दाट, मऊ लव. या लवेच्या केसांना डोळ्यांना न दिसणारे बारीक आकडे असतात. लव ओलावून, तापवून दाबली की ते आकडे एकमेकांत गुंततात आणि घट्ट नमदा तयार होतो. युरोपातली पावसाला दाद न देणारी, आकार न सोडणारी हॅट या नमद्याची असे. उत्तर अमेरिकेच्या फार मोठ्या भागाचा दोन-अडीच शतकांचा इतिहास या आकड्यांत अडकलेला आहे.

माणसाने प्राण्याची केसाळ कातडी पांघरणे हॅटपेक्षा अर्थातच फार जुने. मोरोक्कोतल्या काँट्रबांदिये गुहेत 90,000 ते 1,20,000 वर्षांपूर्वीची, कातडी खरवडण्याची हाडांची हत्यारे सापडली. त्याच गुहेत वाळवंटी खोकड, कोल्हा आणि रानमांजर यांच्या हाडांवर कातडी सोलल्याच्या खुणा मिळाल्या. थंड प्रदेशात फर म्हणजे चैन नव्हे. ती नसेल तर माणूस हिवाळा काढूच शकत नसे.

कॅनडातल्या जेम्स उपसागराच्या काठच्या क्री या मूलनिवासी लोकांत शिकारीला आजही नात्याची भाषा आहे. प्राणी स्वतःला शिकाऱ्याच्या हाती देतो, म्हणून त्याचा मान राखायचा असतो. बीव्हरची हाडे कुत्र्यांपुढे टाकायची नाहीत, ती पाण्यात परत सोडायची. याला केवळ श्रद्धा म्हणून बाजूला सारणे मला पटत नाही. कारण या मानापानाच्या जोडीला जमिनीची व्यवस्थाही होती. अमुक ओढा, अमुक तळे अमुक कुटुंबाच्या देखरेखीखाली. तिथली बीव्हरची घरे किती, यंदा कुठे शिकार करायची आणि कुठे नाही, हे त्या हद्दीचा जाणता माणूस ठरवी. अशा कुटुंबवार हद्दी फर-व्यापाराच्या आधीपासून होत्या की त्या व्यापारातून घडल्या, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. पण जिथे हद्द टिकली तिथे प्राणीही टिकला, असे हा इतिहास वाचताना पुन्हा पुन्हा दिसते.

युरोपने स्वतःचे बीव्हर आधीच संपवत आणले होते. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला युरोप आणि आशिया मिळून जेमतेम 1,200 उरले. तिकडे कमी पडलेला माल त्याच्या कितीतरी आधीच अटलांटिकपलीकडून येऊ लागला होता. सुरुवातीला फ्रेंच व्यापाऱ्यांना नव्या कातडीपेक्षा वापरलेली कातडी जास्त हवी असे. स्थानिक लोक बीव्हरची कातडी केसांची बाजू आत ठेवून अंगावर घालत. वर्षभराच्या घर्षणाने आणि घामाने राठ केस झडत आणि नमद्याला हवी ती लव तेवढी उरे. एका माणसाच्या अंगावरचा जुना झगा समुद्रापलीकडच्या टोपीवाल्याला सोन्यासारखा वाटे, तो यामुळे.

2 मे 1670 रोजी इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स याने हडसन्स बे कंपनीला सनद दिली. हडसन उपसागरात येऊन मिळणाऱ्या सगळ्या नद्यांचे खोरे तिने कंपनीच्या नावे केले. तिथे राहणाऱ्यांना कोणी विचारलेही नाही. कंपनीच्या ठाण्यांवर हिशेब पैशांत नव्हे, ‘मेड बीव्हर’मध्ये चाले: हिवाळ्यात मारलेल्या पूर्ण वाढीच्या बीव्हरची एक चांगली कातडी म्हणजे एक एकक. किटली, ब्लँकेट, बंदूक, कोल्ह्याची कातडी, सगळ्यांची किंमत त्यातच. कातडी हे चलन झाल्यावर ‘आपल्याला पुरे झाले’ असे म्हणण्याची जागा आक्रसत गेली. सतराव्या शतकाच्या मध्यावर इरोक्वाय या मूलनिवासी राष्ट्रांनी शेजारच्या ह्युरॉन लोकांवर केलेल्या हल्ल्यांमागेही फरचा व्यापार हे एक मोठे कारण होते.

हत्यारही बदलले. पूर्वी हिवाळ्यात बर्फ फोडून, बीव्हरचे काटक्यांचे घर उघडून शिकार होई. ते कष्टाचे काम होते. पुढे पोलादी चाप आला आणि त्याच्या जोडीला आमिष म्हणून बीव्हरच्याच ग्रंथीतला उग्र वासाचा स्राव. आपल्या हद्दीत परका आला की काय, हे हुंगायला बीव्हर काठाशी येई आणि चापात पाय देई. न्यूयॉर्क राज्यातल्या सिवेल न्यूहाउसने 1823 च्या सुमारास बनवायला घेतलेले चाप पुढे तिथल्याच ओनायडा या सामुदायिक वसाहतीच्या कारखान्यातून मोठ्या संख्येने बाहेर पडले. प्राण्याच्या हद्द राखण्याच्या स्वभावावरच हा सापळा बेतलेला होता, ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते.

हद्दीचा प्रश्न सर्वांत उघडा पडतो तो 1821 नंतर. हडसन्स बे आणि तिची प्रतिस्पर्धी नॉर्थ वेस्ट कंपनी यांचे त्या वर्षी विलीनीकरण झाले. दोघींच्या चढाओढीत बरेच जिल्हे ओरबाडले गेले होते. नव्या व्यवस्थेचा प्रमुख जॉर्ज सिम्पसन याने उत्तरेकडच्या अशा जिल्ह्यांत बीव्हरच्या शिकारीवर मर्यादा घातल्या. तिथे आता कंपनीला स्पर्धा नव्हती. आज सोडलेला बीव्हर उद्याही कंपनीचाच राहणार होता. त्याच काळात, त्याच सिम्पसनच्या कारभारात, रॉकी पर्वतापलीकडे स्नेक नदीच्या खोऱ्यात नेमका उलटा हुकूम होता. तो प्रदेश 1818 च्या करारानुसार ब्रिटन आणि अमेरिका दोघांना खुला होता आणि कधीतरी अमेरिकेकडे जाईल अशी धास्ती होती. मग तिथला बीव्हर मुद्दाम संपवायचा, म्हणजे अमेरिकी सापळेवाल्यांना पुढे यायला काही कारणच उरणार नाही. या ‘फरच्या वाळवंटा’साठी पीटर स्किन ऑग्डेन 1824 पासून वर्षामागून वर्ष तुकड्या घेऊन फिरला. बीव्हर तोच, कंपनी तीच, हिशेब ठेवणारी माणसेही तीच. फरक एवढाच की एक जमीन आपली राहणार होती आणि दुसरी जाणार होती.

समुद्राला तर हद्दच नव्हती. रशियासाठी उत्तर पॅसिफिक धुंडाळणाऱ्या विटस बेरिंगच्या मोहिमेतले वाचलेले खलाशी 1742 मध्ये कामचाटकाला परतले ते समुद्री पाणमांजरांच्या कातड्या घेऊन. या प्राण्याची लव सगळ्या सस्तन प्राण्यांत दाट, आणि चीनच्या बाजारात तिला मोठी किंमत. रशियन व्यापाऱ्यांनी अलास्काजवळच्या बेटांवरच्या अल्यूत लोकांची बायकामुले ओलीस धरून पुरुषांना शिकारीला जुंपले. 1911 मध्ये अमेरिका, रशिया, जपान आणि ब्रिटन यांच्या कराराने संरक्षण मिळाले, तेव्हा पूर्वीच्या लाखोंपैकी दोनेक हजारच पाणमांजरे शिल्लक होती.

बीव्हर वाचला तो काही अंशी फॅशनमुळे: 1830-40 च्या दशकांत रेशमी हॅट आली आणि मागणी ओसरली. पण विसाव्या शतकात फरचे भाव पुन्हा चढले, बाहेरून सापळेवाले आले आणि जेम्स उपसागराच्या पूर्व काठावर बीव्हर दिसेनासा झाला. क्री कुटुंबांवर उपासमारीची वेळ आली. रूपर्ट हाउस इथल्या हडसन्स बे कंपनीच्या ठाण्याचा व्यवस्थापक जेम्स वॉट आणि त्याची पत्नी मॉड यांनी क्री शिकाऱ्यांच्या साथीने उरलेली घरे राखायला घेतली, आणि 1930 च्या दशकाच्या सुरुवातीला क्विबेक सरकारकडून तिथे बीव्हरचे राखीव क्षेत्र मिळवले. ब्रिटिश कोलंबियात 1920 च्या दशकात कोणी कुठल्या वाटेवर सापळे लावायचे, त्या वाटांची सरकारी नोंदणी सुरू झाली. हेतू चांगला असला तरी पिढीजात वाटा दुसऱ्यांच्या नावे लागून काही मूलनिवासी कुटुंबे आपल्याच जमिनीवर परकी ठरली.

पुढचा वाद हद्दीपेक्षा वेदनेचा झाला. इंग्लंड आणि वेल्समध्ये पाय धरणाऱ्या दातेरी चापावर 1958 पासून बंदी आली. त्याच सुमारास कॅनडातल्या फ्रँक कॉनिबेअर या जुन्या सापळेवाल्याचा झटक्यात मारणारा सापळा बाजारात आला; प्राण्याला तासन्तास तडफडत ठेवणे त्याला सहन होत नव्हते. युरोपीय समुदायाने 1991 मध्ये पायाच्या चापावर बंदीचा नियम केला, आणि 1997 मध्ये कॅनडा व रशियाबरोबर सापळ्यांच्या मानकांचा करार झाला. प्राण्याच्या वेदनेला कायद्यात जागा मिळाली, हे मोलाचेच. मात्र फरविरोधी मोहिमांच्या काळात बाजार कोसळला, तेव्हा त्याची झळ बसणाऱ्यांत तळ्याकाठची क्री कुटुंबेही होती.

रूपर्ट हाउसचे आजचे नाव वास्कागानिश. राखीव क्षेत्रासाठी घरे मोजणाऱ्या क्री प्रमुखांना तेव्हा ‘टॅलीमन’, म्हणजे मोजणीदार, असे इंग्रजी नाव पडले. क्री लोक आणि सरकार यांच्यातल्या 1975 च्या जेम्स बे करारात या शिकारी हद्दींना कायदेशीर स्थान मिळाले. मोजणीदार अजूनही आहेत, आणि आपल्या हद्दीत यंदा कोणी, कुठे आणि किती शिकार करायची हे ते अजूनही ठरवतात.