परफॉर्मन्सची नोंद आणि कॅमेऱ्यासाठीचा परफॉर्मन्स

परफॉर्मन्स म्हणजे कलावंताने स्वतःचा देह आणि कृती हीच कलाकृती म्हणून मांडणं. ‘हो, पाहिलाय मी तो परफॉर्मन्स,’ असं म्हणणाऱ्याने बहुतेक वेळा त्याचा व्हिडिओ पाहिलेला असतो. चूक एकट्या त्याची नाही. ‘मी नेमकी कोण?’ हा प्रश्न स्वतःच्या देहावर घेऊन काम करणारे कितीतरी कलावंत प्रेक्षकांसमोरही उभे राहतात आणि खास कॅमेऱ्यासाठी फिल्मही करतात. पडद्यावर दोन्ही सारखंच दिसतं. पण मैफलीचं ध्वनिमुद्रण आणि स्टुडिओत खास मुद्रित केलेलं गाणं यांत जे अंतर, तेच इथेही आहे.

जपानी कलावंत योको ओनोचा ‘कट पीस’ हा परफॉर्मन्स घ्या. पहिला प्रयोग १९६४ साली, क्योटोत. ओनो रंगमंचावर गुडघे दुमडून बसते, पुढ्यात कात्री. प्रेक्षकांनी एकेक करून यायचं आणि तिच्या कपड्यांचा तुकडा कापून न्यायचा. १९६५ मध्ये न्यूयॉर्कच्या कार्नेगी रिसायटल हॉलमधला प्रयोग मेझल्स बंधू या माहितीपटकारांनी चित्रित केला. म्हणून तर आज आपल्याला अंतर्वस्त्राचे पट्टेसुद्धा कापणारा तो तरुण दिसतो, आणि छाती झाकायला वर आलेले तिचे हात. अंगावर काटा आणणारी फिल्म आहे, तरी ती नोंदच. किती कापायचं, कुठे थांबायचं, हे कात्री हातात असलेल्याला ठरवावं लागलं. आपण नुसते बघतो. शिवाय जपानी बाई क्योटोत जपानी प्रेक्षकांपुढे बसली काय आणि न्यूयॉर्कात अमेरिकनांपुढे बसली काय, सूचना त्याच, अर्थ मात्र पार बदलतो. एका रात्रीच्या चित्रीकरणात हे मावत नाही.

आना मेंदिएता या कलावंताचं उलट. जन्म क्यूबातला, १९६१ साली, बाराव्या वर्षी, आईवडिलांविना तिला अमेरिकेत धाडलं गेलं. १९७३ पासून आयोवा आणि मेक्सिकोत ती माती, गवत, फुलं, आग यांतून स्वतःच्या देहाची आकृती उमटवत राहिली. १९७५ च्या एका सुपर-८ (छोट्या, हौशी कॅमेऱ्यावरच्या) फिल्ममध्ये पांढऱ्या कापडाची मानवाकृती जमिनीवर पेट घेते आणि जळत जाते. जेमतेम तीन मिनिटं. भोवती टाळ्या वाजवायला गर्दी नाही. कुठून बघायचं, कधी थांबायचं, हे चौकट ठरवते. इथला कॅमेरा काढून घेतलात तर उरेल राख.

म्हणून मी एवढंच विचारतो: कलावंताने पहिला प्रेक्षक कोणाला मानलं, समोरच्या माणसाला की भिंगाला?

अर्थात उत्तर दरवेळी सरळ मिळत नाही. १९७१ मध्ये अमेरिकन कलावंत ख्रिस बर्डनने कॅलिफोर्नियात, परफॉर्मन्स म्हणून, मोजक्या लोकांसमोर, मित्राकडून स्वतःच्या दंडावर गोळी झाडून घेतली. जगाला ते काम ठाऊक आहे ते फोटोंमुळे आणि काही सेकंदांच्या फिल्ममुळे. मी तिला अजूनही नोंदच म्हणतो. पण ते काही सेकंद पुन्हा पाहिले की माझं मत जरा डळमळतं.