दोन चंद्रांच्या जगातली भरती

अद्भुतकथेच्या मुखपृष्ठावर परकं जग दाखवायचं असलं की चित्रकार हमखास आकाशात दोन चंद्र काढतो. एक मोठा पांढरा, एक लहान तांबूस. ही आपली पृथ्वी नव्हे, हे वाचकाला एका नजरेत कळतं. पुढे कथेत मात्र त्या दुसऱ्या चंद्राला काही कामच नसतं. तो उगवतो, नायिका त्याच्याकडे पाहून सुस्कारा टाकते, तो मावळतो. समुद्र ढिम्म. मला हे फार खटकतं. एवढ्या वजनाचा ड्रॅगन उडतो कसा, हे विचारू नये हे मान्य. पण चंद्र टांगला की त्याची ओढ कुठे तरी जाणवायलाच हवी.

असं एक जग रचून बघू. ग्रह हुबेहूब पृथ्वीसारखा, सूर्यही तोच. थोरला चंद्र आपल्या चंद्रासारखा, ३,८४,४०० किलोमीटरवर. धाकटा बरोबर त्याच्या निम्म्या अंतरावर.

धाकट्याचं वस्तुमान किती ठेवायचं? थोरल्याएवढंच ठेवायचा मोह होतो, पण मग दोघांमध्ये सुरक्षित अंतर उरत नाही. एकमेकांना ओढून ते कक्षा बिघडवू शकतात आणि प्रकरण टकरीपर्यंत जाऊ शकतं. म्हणून त्याला थोरल्याच्या एक दशांश करू. घनता तीच धरली तर व्यास भरतो सुमारे १,६०० किलोमीटर, म्हणजे थोरल्याच्या निम्म्याहूनही कमी. पण तो जवळ असल्यामुळे आकाशातली त्याची तबकडी थोरल्याच्या ९३ टक्के रुंद दिसते! मुखपृष्ठावरचा ‘छोटा चंद्र’ इथेच बाद झाला. कक्षा वर्तुळाकार असेल तर ही तबकडी सूर्याला पूर्ण झाकायलाही थोडी अपुरी पडते. त्यामुळे धाकट्याची सूर्यग्रहणं कंकणाकृती किंवा खंडग्रास. खग्रासचा मान थोरल्याचाच.

चंद्र जितका जवळ तितकी त्याची प्रदक्षिणा लवकर, या केप्लरच्या तिसऱ्या नियमाने धाकट्याची एक फेरी ९.७ दिवसांत होते आणि त्याची पौर्णिमा दर १० दिवसांनी येते. एका रात्रीत आकाशभर सुसाट पळणारा चंद्र हवा असेल, तर त्याला ग्रहाच्या अगदी जवळ आणावं लागेल. मंगळाचा फोबोस तसा आहे. तो ७ तास ३९ मिनिटांत प्रदक्षिणा घालतो, म्हणजे मंगळ स्वतःभोवती फिरतो त्याच्या कितीतरी आधी. म्हणून मंगळावरून तो पश्चिमेला उगवून पूर्वेला मावळताना दिसतो. मात्र असा चंद्र टिकाऊ नसतो. फोबोस दर शतकाला सुमारे १.८ मीटर खाली सरकतोय, आणि काही कोटी वर्षांत तो फुटेल किंवा मंगळावर आदळेल.

आता समुद्राकडे येऊ. खरी गोष्ट इथे आहे. चंद्र ग्रहाच्या जवळच्या बाजूला जास्त ओढतो, लांबच्या बाजूला कमी. भरती येते ती या फरकामुळे, आणि हा फरक अंतराच्या घनाच्या व्यस्त प्रमाणात बदलतो. अंतर निम्मं केलं की परिणाम आठपट. धाकट्याचं वस्तुमान एक दशांश, म्हणून त्याचा जोर थोरल्याच्या ०.८ पट. सूर्याचा जोर आपल्या चंद्राच्या ०.४६ पट असतो, म्हणजे हे धाकटं पोर सूर्यालाही मागे टाकतं.

पृथ्वीवर अमावास्या-पौर्णिमेला चंद्र आणि सूर्य एका रेषेत येतात, उधाण येतं, आणि बेरीज होते १.४६. आपण रचलेल्या जगात दोन्ही चंद्र आणि सूर्य एका रेषेत आले की ती होते २.२६, म्हणजे दीडपटीहून जास्त. थोरल्याच्या अमावास्येला धाकटा मात्र काटकोनात असेल, तर तो उरलेल्या दोघांच्या विरोधात जातो आणि बेरीज ०.६६ वर येते. तिथी तीच, समुद्र अगदी वेगळा. किनाऱ्याच्या आकाराने प्रत्यक्ष उंची बदलेल, पण चढउताराची तऱ्हा हीच राहील.

हे कधी घडेल? धाकट्याचे तीन महिने मिळून जवळजवळ ३० दिवस, थोरल्याचा एक महिना २९.५. हा थोडासा फरक साठत जातो आणि दोघांची जोडी दोनेक वर्षांनी पुन्हा मूळ जागी येते. म्हणजे साधारण वर्षाआड थोरल्याच्या अमावास्येला धाकट्याचीही अमावास्या: काळोख गडद, उधाण प्रचंड. अधल्यामधल्या वर्षी त्याच अमावास्येला धाकटा पूर्ण गोल, उधाण तितकंच, पण लख्ख चांदण्यात. या दोन्हींच्या मधल्या काळात, सहा-सात महिन्यांनी, अमावास्येचं उधाण जवळपास गायब. त्या जगातल्या कोळ्याला नुसती चंद्राची कोर बघून होडी लोटता येणार नाही. त्याला दोन वर्षांचं कोष्टक लागेल, आणि ते कोष्टक ज्याच्याकडे, बंदर त्याचं. काळोख्या उधाणाच्या रात्री नदीच्या मुखातून जहाजं आत घुसवणारा सेनापती मला तरी कुठल्याही जादूच्या तलवारीपेक्षा जास्त रंजक वाटतो.

या जगाचं भवितव्यही गणितातच आहे. भरतीच्या घर्षणामुळे आपला चंद्र वर्षाला ३.८ सेंटीमीटर दूर जातो. अपोलो मोहिमांनी तिथे ठेवलेल्या आरशांवर लेझर मारून हे मोजलंय. त्याच हिशेबाने धाकटा साडेचारपट वेगाने, वर्षाला सुमारे १७ सेंटीमीटर सरकेल. म्हणजे तो थोरल्याच्या दिशेनेच निघालाय. कोट्यवधी वर्षांनी दोघांमधलं सुरक्षित अंतर संपेल.

असं आपल्याकडेही घडलं असावं, असं गृहीतक २०११ साली मार्टिन युत्झी आणि एरिक ॲसफॉग यांनी मांडलं. पृथ्वीला सुरुवातीला आणखी एक छोटा चंद्र होता आणि तो सेकंदाला दोन-तीन किलोमीटर अशा, टकरींच्या मानाने संथ वेगाने चंद्रावर आदळला. विवर पडण्याऐवजी त्याचा मलबा एका बाजूवर थापला गेला. चंद्राच्या पलीकडच्या बाजूचं कवच जास्त जाड का, याचं हे एक संभाव्य उत्तर, दुसरीही आहेत. पण कथाकाराला एवढं पुरे आहे. त्याच्या जगातल्या पुराणांत पूर्वी दोन चंद्र असल्याची आठवण असेल, तर पुरावा उरलेल्या चंद्राच्या पाठीवर ठेवता येईल. कोणी तरी पलीकडे जाऊन बघायचं तेवढं बाकी.