दिलीप प्रभावळकर

प्रभावळकर, दिलीप : (४ ऑगस्ट १९४४). मराठी रंगभूमी, दूरचित्रवाणी व चित्रपटांतील चरित्र अभिनेते आणि विनोदी लेखक. जन्म मुंबईचा. सत्तरच्या दशकात दूरदर्शन पाहिलेले प्रेक्षक त्यांना चिमणराव म्हणून ओळखतात, नव्वदीतली मुले तात्या विंचू म्हणून आणि त्यानंतरची पिढी टिपऱ्यांचे आबा म्हणून. तिघांत एकच माणूस आहे हे पुष्कळांच्या उशिराच लक्षात येते.

चिं. वि. जोशी यांच्या कथांवरील ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ ही मालिका मुंबई दूरदर्शनवर सत्तरच्या दशकाच्या अखेरीस गाजली. बाळ कर्वे यांच्या धिप्पाड गुंड्याभाऊसमोर प्रभावळकरांचा भित्रा, संसारात गोंधळलेला चिमणराव उभा राहिला आणि पुस्तकातल्या पात्राला कायमचा चेहरा मिळाला.

त्यांच्या कामाबद्दल बोलताना रंगभूषेचे कौतुक आधी होते, पण खरी किमया आवाजात आणि अंगाच्या ठेवणीत आहे. याचा सर्वांत स्वच्छ पुरावा म्हणजे महेश कोठारे यांचा ‘झपाटलेला’ (१९९३). गुंड तात्या विंचूचा आत्मा बाहुल्यात शिरतो आणि तिथून पुढे पडद्यावर रामदास पाध्ये यांचा बाहुला असतो, प्रभावळकरांचा फक्त आवाज. त्या आवाजाने महाराष्ट्रातली कित्येक मुले रात्री एकटी झोपायला घाबरली.

‘चौकट राजा’ (१९९१, दिग्दर्शक संजय सूरकर) हे त्यांचे चित्रपटातील सर्वांत मोठे काम मानावे लागेल. लहानपणीच्या अपघातानंतर बुद्धीची वाढ थांबलेला नंदू साकारताना दया मागण्याचा मोह पदोपदी असतो. तो टाळून त्यांनी नंदूचा हट्ट, त्याचा आनंद, त्याचा राग असे सगळे पूर्ण माणसाचे दाखवले. जयवंत दळवी यांच्या ‘नातीगोती’ या नाटकात त्यांनी मतिमंद मुलाच्या बापाची भूमिका केली होती. घरच्यांची होरपळ आणि त्या मुलाचे स्वतःचे जग अशा दोन्ही बाजूंनी हे दुःख पाहणारा नट विरळाच.

याच वर्षांतले ‘हसवाफसवी’ हे नाटक त्यांनी स्वतः लिहिले आणि त्यात सहा भूमिका एकट्याने केल्या. त्यांतले वृद्ध गायक-नट कृष्णराव हेरंबकर प्रेक्षकांना हसवता हसवता गलबलून टाकत. हे लेखकपण वेगळे काढून त्यांच्या अभिनयाचा विचार करता येत नाही. ‘लोकसत्ता’तील ‘अनुदिनी’ या त्यांच्याच सदरातून ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका घडली. केदार शिंदे यांनी दिग्दर्शित केलेली ही मालिका २००१ पासून अल्फा मराठीवर दाखवली गेली. कटकारस्थानांशिवायही रोजचे घर पाहावेसे वाटते, हे तिने दाखवले. नातवंडांच्या जगाकडे कुतूहलाने पाहणारे आबा रंगवताना प्रभावळकर स्वतः साठीही ओलांडलेले नव्हते. मुलांसाठी त्यांनी ‘बोक्या सातबंडे’ लिहिला.

हिंदीत त्यांना मोजक्याच भूमिका मिळाल्या. ‘एन्काउंटर : द किलिंग’ (२००२) मधला पुनप्पा हा गुन्हेगार आणि चारच वर्षांनी राजकुमार हिरानी यांच्या ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) मधले महात्मा गांधी, एवढे अंतर त्यांनी सहज कापले. हे गांधी उपदेश करत नाहीत, आजोबांसारखे शेजारी येऊन बसतात. या भूमिकेसाठी आणि मराठी ‘शेवरी’साठी मिळून त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला.

‘नारबाची वाडी’ (२०१३) मध्ये त्यांनी कोकणातला वाडीवर जीव असलेला हट्टी म्हातारा उभा केला. सुबोध खानोलकर यांचा ‘दशावतार’ सप्टेंबर २०२५ मध्ये प्रदर्शित झाला, तेव्हा ते ८१ वर्षांचे होते. त्यात ते कोकणातले बाबुली मेस्त्री झाले आहेत : दृष्टी अधू होत चाललेला, तरीही दशावताराचा रंगमंच न सोडणारा कलावंत.